नकार लेखी द्याल का?

माझी मुलगी सहा वर्षांची झाली तेव्हा तिला वॉकर धरून वीस-पंचवीस पावले सलग चालता येत होती, पाचापर्यंतचे पाढे पाठ होते आणि बोलणे सावकाश असले तरी स्पष्ट होते. जन्माच्या वेळी मेंदूला प्राणवायू कमी पडल्यामुळे तिला सेरेब्रल पाल्सी आहे. ‘दोष तिच्या पायांत आहे, बुद्धीत नाही’ हे वाक्य त्या वर्षभरात मी इतक्या ठिकाणी उच्चारले की पुढे पुढे मला त्याची लाज वाटू लागली. ज्या मुलाच्या बुद्धीतच अडचण आहे, त्याच्या आईने मग कोणते वाक्य म्हणावे?

आम्ही नागपुरात मानेवाडा रोडच्या बाजूला राहतो. मी एका पतसंस्थेत नोकरी करते. शिक्षण हक्क कायद्यातील (आरटीई) खासगी शाळांमधल्या २५ टक्के राखीव जागा गरिबांसाठी असतात, वार्षिक उत्पन्न एक लाखाच्या आत असावे लागते, एवढेच मला ठाऊक होते, त्यामुळे तो मार्ग आपला नव्हे असे मी गृहीत धरले होते. फिजिओथेरपीच्या बाकावर शेजारी बसणाऱ्या एका आईने माझा हा गैरसमज दूर केला. २००९ च्या या कायद्यात २०१२ साली दुरुस्ती होऊन दिव्यांग मुलांचा समावेश वंचित गटात झाला, आणि आपल्या राज्यात वंचित गटाला उत्पन्नाची अट नाही. माझा स्वतःचा अनुभव असा की, या वाटेवरची निम्मी माहिती कार्यालयातून मिळते आणि निम्मी अशा बाकांवर.

वंचित गटात आम्ही जातीच्या दाखल्यावरही बसत होतोच. माझे आजोबा भंडारा जिल्ह्यातील आपल्या गावच्या शाळेत वर्गाबाहेरच्या पडवीत बसून शिकले आणि १४ ऑक्टोबर १९५६ रोजी दीक्षाभूमीवर बाबासाहेबांसमोर उभ्या असलेल्या लाखोंपैकी ते एक होते. अर्ज भरताना आई म्हणाली, “पोरीजवळ दोन-दोन कागद आहेत, एखादा तरी चालन.” पुढे शाळेने तिच्यासाठी काही करावे असे मला म्हणायचे होते, म्हणून मी दिव्यांगत्वाचा कागद पुढे ठेवला.

तो मिळवणे हेच पहिले काम होते. दिव्यांग प्रमाणपत्रासाठीच्या स्वावलंबन या सरकारी पोर्टलवर नोंदणी करायची आणि दिलेल्या दिवशी शासकीय रुग्णालयातील मंडळापुढे हजर व्हायचे, एवढीच खरे तर पद्धत आहे. पहिल्या खेपेला मुलीचे नाव जन्मदाखल्यावर एका प्रकारे आणि आधारवर दुसऱ्या प्रकारे लिहिलेले निघाले, म्हणून परत आलो. दुसऱ्या खेपेला संबंधित डॉक्टर रजेवर होते. तिसऱ्या खेपेला डॉक्टरांनी तिला वॉकरशिवाय चालायला सांगितले आणि नेमकी त्या दिवशी ती भिंतीला हात न लावता दहा पावले चालली, वर वळून माझ्याकडे पाहून हसली. टक्केवारी ४० च्या खाली गेली तर प्रमाणपत्राचा काही उपयोग नव्हता. आयुष्यात पहिल्यांदाच, माझी लेक बरी चालते आहे याचे मला वाईट वाटले, आणि ते वाटणे मी अजून विसरू शकलेले नाही. ५५ टक्के आले. चाळीस ते ऐंशीच्या दरम्यान असणाऱ्यांना मिळते ते दिव्यांग ओळखपत्राचे पिवळे कार्ड आम्हाला मिळाले.

अर्जाचे वर्ष २०२४ होते. ज्यांची मुले त्या वर्षी पहिलीत गेली त्यांना पुढचे सांगायला नको. राज्य शासनाने ९ फेब्रुवारीला नियम बदलला आणि ज्या खासगी विनाअनुदानित शाळेच्या एक किलोमीटर परिसरात सरकारी किंवा अनुदानित शाळा आहे तिला २५ टक्क्यांतून सूट दिली. शहरात अशी शाळा कुठे ना कुठे जवळ असतेच, म्हणजे व्यवहारात खासगी शाळांचा दरवाजा बंद झाला. मे महिन्यात मुंबई उच्च न्यायालयाने या बदलाला स्थगिती दिली, आम्ही पुन्हा अर्ज भरले, जूनमध्ये सोडत निघाली. परंतु यादी थांबून राहिली आणि १९ जुलैला न्यायालयाने तो बदल रद्द केल्यावरच ती पाहायला मिळाली. ऑगस्टमध्ये सर्वोच्च न्यायालयानेही हस्तक्षेप करण्यास नकार दिला. विदर्भात उन्हामुळे शाळा उशिरा उघडतात, तरी तोवर वर्ग सुरू होऊन काही आठवडे झाले होते. मोबाइलवर निवड झाल्याचा संदेश आला तेव्हा मी पतसंस्थेत रोकड मोजत होते. मोजणी चुकली आणि गठ्ठा पहिल्यापासून मोजावा लागला.

कागदपत्रांची पडताळणी एका दुपारी झाली. खरा प्रसंग शाळेत घडला.

मुख्याध्यापिका अत्यंत सौम्य होत्या. त्यांनी मुलीला चॉकलेट दिले, आम्हाला पाणी दिले आणि सांगितले की आम्हाला तिचीच काळजी वाटते. एका वर्गात पन्नास मुले असतात, धक्का लागला तर काय, विशेष शिक्षक आमच्याकडे नाही, तिला तिच्यासारख्या मुलांमध्ये अधिक आनंद वाटेल. ‘नाही’ हा शब्द त्यांनी एकदाही उच्चारला नाही. शेवटी, तिला तासभर वर्गात बसवून ‘निरीक्षण’ करू आणि मग ठरवू, असे त्या म्हणाल्या. विशेष शाळांबद्दल माझ्या मनात आकस नाही, काही मुलांना त्याच शाळा हव्या असतात. परंतु २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यातील कलम ३१ प्रमाणे, ४० टक्के किंवा त्याहून अधिक दिव्यांगत्व असलेल्या ६ ते १८ वर्षांच्या मुलाला शेजारची शाळा की विशेष शाळा ही निवड करण्याचा हक्क आहे. ही निवड मुलाची आहे, शाळेची नाही. आणि प्रवेशापूर्वी मुलाची चाळणी लावण्यास शिक्षण हक्क कायद्याचे कलम १३ मनाई करते. तसे केल्यास पहिल्या वेळी २५ हजारांपर्यंत दंड आहे.

हे सगळे मला त्या खोलीत सुचले असे मुळीच नाही. मी चहा पिऊन, आभार मानून घरी आले. रात्री वाचले, सकाळी अर्ज लिहिला. अर्जात कायद्याची दोन्ही कलमे घातली आणि शेवटी एकच विनंती केली, की प्रवेश देणे शक्य नसल्यास तसे कारणासह लेखी द्यावे. दोन प्रती नेल्या, एकीवर आवक क्रमांक व शिक्का मागितला. कारकुनाने ‘मॅडमना विचारतो’ म्हणून वीस मिनिटे थांबवले आणि शिक्का दिला. तीन दिवसांनी फोन आला की शुक्रवारी येऊन प्रवेश निश्चित करा. काळजी तोंडी व्यक्त करता येते, कागदावर उतरवली की तिचा नकार होतो, आणि तो नकार सही करून द्यायला कोणीच तयार नसते.

शाळेची बाजूही नोंदवायला हवी. अशा प्रवेशापोटी शासन शाळेला वर्षाला १७,६७० रुपयांपर्यंत परतावा देते आणि तो वर्षानुवर्षे थकतो ही त्यांची तक्रार खोटी नाही. मुख्याध्यापिकांनी हे मला त्याच सौम्य स्वरात सांगितले असते तर मला त्यांचा राग आला नसता.

प्रवेश झाला, आणि मग पायऱ्या समोर आल्या. पहिलीचा वर्ग तळमजल्यावर होता, पण त्याच्या ओट्याला दोन पायऱ्या होत्या, मिळून तेरा इंच. शाळेतील शिपाई काका मनाने फार चांगले. “मॅडम, तुम्ही काहून टेन्शन घेता जी, मी रोज उचलून नेतो न पोरीले,” असे म्हणून त्यांनी तिला अलगद उचलून आत नेले आणि पंधरा दिवस न चुकता नेत राहिले. सोळाव्या दिवशी मुलगी गाडीवरून उतरेना. घरी आल्यावर तिने विचारले, “मी पोतं आहे का?” अजनी चौकात हीच मुलगी लिफ्टने वर जाऊन मेट्रोच्या डब्यात आपल्या आपण शिरते आणि सीताबर्डीला उतरून मलाच ‘लवकर चल’ म्हणते. तिला उचलण्याची गरज तिच्या पायांमुळे कमी आणि त्या तेरा इंचांमुळे जास्त होती.

मी पुन्हा अर्ज दिला. शाळेने आठवडाभरात प्लायवूडची चार फुटी फळी टाकली. तिच्यावरून वॉकर पुढे जाईना, आणि उतरताना तर ती सरळ घसरगुंडीच होती. सुट्टीत इतर मुलांनी तिचा तोच उपयोग सुरू केला. एक फूट चढण्यासाठी बारा फूट लांबी, असे उताराचे मान्य प्रमाण आहे. म्हणजे तेरा इंचांना तेरा फूट लागतात. हे गणित मी टेपने मोजून, चौकोनी कागदावर आकृती काढून दिले. दिवाळीच्या सुट्टीत विटा-सिमेंटचा उतार आणि एका बाजूला कठडा झाला. खर्च शाळेनेच केला, हे मुद्दाम सांगते.

वर्गातले सामावणे मात्र टेपने मोजता येत नाही. पालकांच्या ग्रुपवर एकाने ‘आरटीईवाल्या मुलांमुळे अभ्यास मागे पडतो’ असे लिहिले आणि मी काही उत्तर दिले नाही. त्याची खंत वाटते. स्नेहसंमेलनात तिला झाडाची भूमिका मिळाली, म्हणजे एका जागी उभे राहण्याची. त्याच वर्गातली एक मुलगी मात्र रोज मधल्या सुट्टीत हिचा वॉकर पळवते आणि ही तिच्यावर ओरडते, दोघींची भांडणे बाईंपर्यंत जातात. त्या भांडणांची तक्रार ऐकायला मला शाळेत बोलावतात तेव्हा मी आनंदाने जाते.

आता ती दुसरीत आहे. दुसरीचा वर्ग त्याच ओट्यावर आहे, परंतु तिसरीचे वर्ग पहिल्या मजल्यावर भरतात आणि शाळेला लिफ्ट नाही. तिसरीची तिची तुकडी तळमजल्यावर आणावी, असा अर्ज मी गेल्या महिन्यात दिला. ‘बघू, अजून वेळ आहे,’ असे उत्तर मिळाले आहे, तेही तोंडी. आवक क्रमांकाची प्रत फाईलला लावली आहे.