रिंगमधली स्प्रिंग

त्या दिवशीची तक्रार साधी होती. बास्केटबॉलमध्ये डंक मारला, म्हणजे उंच उडी घेऊन बॉल वरून रिंगमध्ये कोंबला, की रिंग खाली झुकते आणि वर येतच नाही. अमेरिकेतल्या इलिनॉय राज्यातल्या शाळा-कॉलेजांच्या रिंगा आणि बोर्ड तपासणं हेच माझं काम. शिडी लावली, कव्हर काढलं, तर स्प्रिंगचे दोन तुकडे.

नवी बसवेपर्यंत एक उंच पोरगा बॉल काखेत धरून खाली ताटकळत होता. अशा पोरांची मला धास्तीच असते. रिंग लवकर झुकली तर साधा शॉटही बिघडतो. झुकलीच नाही तर सगळा हिसका मागच्या काचेच्या बोर्डाला. १९७९ मध्ये डॅरिल डॉकिन्स या व्यावसायिक खेळाडूने नोव्हेंबरात कॅन्सस सिटीत आणि डिसेंबरात फिलाडेल्फियात बोर्ड फोडले, ते अशाच ताठ रिंगांवर. आंतरराष्ट्रीय नियमात रिंग झुकायला लागण्याचा भार ८२ ते १०५ किलो आहे.

वजन लावून खात्री केली, शिडी बाजूला घेतली. पोरगा धावत आला. दहा फुटांवरच्या रिंगच्या वर त्याचं मनगट गेलं आणि क्षणभर तो तिथेच थांबल्यासारखा वाटला. मग धाडकन आवाज, रिंग वाकली, खट्कन जागेवर. पलीकडे सराव करणाऱ्या मुलींचे बॉल हातातच राहिले. गुण दोनच, हळूच टाकलेल्या बास्केटलाही तेवढेच. पण तिकडे कोण वळून बघतं?

कॉलेजच्या खेळात १९६७ ते १९७६ डंकवर बंदीच होती. लोक तिला ‘अल्सिंडर नियम’ म्हणत. लू अल्सिंडर हा तेव्हाचा कॉलेजमधला उंच खेळाडू, पुढचा करीम अब्दुल-जब्बार; बंदी त्याला रोखायलाच आणली असं लोक मानत. १९७६ मध्येच डेन्व्हरला व्यावसायिक खेळाडूंच्या डंक स्पर्धेत ज्युलियस अर्व्हिंगने फ्री थ्रोच्या, म्हणजे रिंगपासून बऱ्याच लांबच्या रेषेवरून झेप घेतली. पुढे बंदी उठली, रिंगा वाकायला लागल्या. त्यावर इलाज काढला तो याच इलिनॉयमधल्या, धान्याच्या कोठारात नोकरी करणाऱ्या आर्थर एराटने. भाचा कॉलेज संघाचा सहायक कोच, त्याने गाऱ्हाणं सांगितलं. मामाने जॉन डिअरच्या कल्टिव्हेटरची स्प्रिंग रिंगला जोडून बघितली! १९८२ मध्ये पेटंट मिळालं.

रात्री सांगलीला फोन केला. वडिलांचा जन्म ट्रॅक्टर-अवजारांच्या दुरुस्तीत गेला, म्हटलं त्यांना ही गोष्ट आवडेल. सगळं ऐकून घेतलं त्यांनी.

“ते सगळं खरं,” म्हणाले, “पण त्या कल्टिव्हेटरला मग दुसरी स्प्रिंग घातली का न्हाई त्यानं?”