मेमरी फुल्ल? आधी ग्रुप उपसा, घरच्या फोटोंना हात नंतर

तासगाव-मिरज पट्ट्यात द्राक्षाची फळछाटणी झाली की दोन गोष्टी एकदम वाढतात, बागेतली फूट आणि मोबाईलमधले फोटो. डाऊनी या बुरशीरोगाचा डाग दिसला की पानाचा फोटो ग्रुपवर. त्यावर दहा जणांची उत्तरं, औषधाच्या बाटलीचे फोटो, फवारणीचे व्हिडिओ, दुकानदाराचं वेळापत्रक पीडीएफमध्ये. एकेक बागायतदार अशा चार-पाच ग्रुपांत असतो. शिवाय भावकीचा ग्रुप, शाळेचा ग्रुप, बेदाण्याच्या सौद्यांचा ग्रुप आहेतच. ६४ जीबीचा फोन माल उतरायच्या आत जागा नाही म्हणून ओरडायला लागतो.

मग बहुतेक जण गॅलरी उघडतात आणि पोरांचे, लग्नाचे फोटो एकेक करून पुसायला बसतात. हे उलटं काम आहे. कॅमेऱ्याचा एक फोटो साधारण ३ ते ५ एमबीचा. शंभर फोटो जिवावर येऊन पुसले तरी जेमतेम अर्धा जीबी मोकळा होतो. तेवढीच जागा ग्रुपवर आलेले दहा-पंधरा व्हिडिओ अडवून बसलेले असतात, आणि त्यातले निम्मे कुणी शेवटपर्यंत बघितलेलेही नसतात.

आधी सेटिंगमध्ये 'स्टोरेज' उघडून कुठे किती जागा गेली आहे ते बघा. 'सिस्टीम'समोर १५-२० जीबी दिसले तर घाबरू नका, ती अँड्रॉइडची स्वतःची जागा आहे, तिला हात लावता येत नाही. म्हणजे ६४ जीबीच्या फोनमध्ये आपल्या हातात असतात ४५ च्या आसपास. त्यातले ५-६ जीबी कायम मोकळे ठेवावेत. मेमरी गच्च भरली की चिपला नवीन लिहायला रिकामे कप्पे सापडत नाहीत, आधी जुने पुसत बसावं लागतं, आणि फोन अडखळतो. ॲपनाही तात्पुरत्या फायलींसाठी थोडी जागा लागते, ती मिळाली नाही की ॲप उघडून लगेच बंद पडतात.

आता व्हॉट्सॲप. सेटिंग्ज, 'स्टोरेज अँड डेटा', 'मॅनेज स्टोरेज'. वर दोन कप्पे दिसतात: बऱ्याचदा फॉरवर्ड झालेलं आणि ५ एमबीपेक्षा मोठं. पहिला कप्पा डोळे झाकून पुसला तरी सहसा काही बिघडत नाही, सुप्रभातपासून बैलगाडा शर्यतीपर्यंत सगळं त्यातच असतं. दुसरा मात्र बघून पुसा. घरच्या कार्यक्रमाचा व्हिडिओ, बँकेचं मोठं पीडीएफ हेही ५ एमबीच्या वर जातं. त्याखाली प्रत्येक चॅटने किती जागा खाल्ली आहे त्याची उतरती यादी असते. वरच्या पाच चॅट तपासल्या तरी बहुतेक काम होतं. चॅट उघडल्यावर फायली आकाराप्रमाणे लावून घ्या, मोठ्या आधी येतील. तीच फाईल दुसऱ्या ग्रुपवरही आलेली असेल तर पुसताना सगळ्या प्रती पुसायचा पर्याय येतो, तो निवडा.

पुसण्याआधी एक लक्षात ठेवा. व्हॉट्सॲपवर आलेला फोटो फोनमधून गेला की नंतर परत डाऊनलोड होईल याची खात्री नसते, पाठवणाऱ्यालाच पुन्हा मागावा लागतो. म्हणून फवारणीचं वेळापत्रक, माती परीक्षणाचा अहवाल, माल दिल्याच्या पावत्या असं जे लागणार आहे ते आधी वेगळ्या फोल्डरमध्ये कॉपी करा. नुसता तारा लावून भागत नाही, चॅट साफ करताना तारा लावलेलंही पुसायची खूण चुकून राहू शकते.

ग्रुप सोडला, तरी जागा तेवढीच, ही तक्रार हमखास ऐकू येते. ग्रुप सोडल्याने एक फाईलही पुसली जात नाही. त्यानंतर ग्रुप डिलीट करावा लागतो, आणि त्या वेळी गॅलरीतला मीडियाही पुसायचा का अशी एक चौकट येते. ती रिकामी सोडली की चॅट जाते आणि फायली फोनमध्ये तशाच राहतात. असल्या बेवारस फायली 'मॅनेज स्टोरेज'मध्ये दिसतीलच असं नाही. त्या फाईल मॅनेजरमधून गाठाव्या लागतात: इंटर्नल स्टोरेज, 'अँड्रॉइड', 'मीडिया', 'कॉम डॉट व्हॉट्सॲप', 'व्हॉट्सॲप', पुन्हा 'मीडिया'. अँड्रॉइड ११ च्या आधीच्या फोनवर 'व्हॉट्सॲप' नावाचं फोल्डर थेट बाहेरच असतं. आत इमेजेस, व्हिडिओ, डॉक्युमेंट्स अशी फोल्डर आहेत आणि त्यांच्या पोटात 'सेंट'. तुम्ही पाठवलेल्या फायलींच्या वेगळ्या प्रती तिथे साठतात. मूळ फाईल फोनमध्ये असेल तर 'सेंट' रिकामं करायला हरकत नाही. २०१९ च्या महापुराचे सांगलीच्या आयर्विन पुलावरचे व्हिडिओ कित्येक फोनांत अजून अशाच कोपऱ्यात पडून असतील.

शेवटच्या 'मीडिया' फोल्डरच्या शेजारी 'डेटाबेसेस' फोल्डर आहे. रात्री होणाऱ्या बॅकअपच्या गेल्या काही दिवसांच्या फायली तिथे असतात, नावातच तारीख असते. जुन्या तारखांच्या पुसता येतात. तारीख नसलेली सगळ्यात ताजी फाईल मात्र ठेवा, व्हॉट्सॲप पुन्हा टाकावं लागलं तर चॅट त्यावरून परत आणता येतात.

डॉक्युमेंट्समध्ये शोधताना पीएम किसान, आरटीओ चलन, बँक केवायसी अशा नावांच्या आणि शेवटी 'एपीके' (म्हणजे ॲप बसवणारी फाईल) असलेल्या फायली दिसल्या, तर काय आहे म्हणून टॅप करून बघू नका. सरकार किंवा बँक ग्रुपवरून ॲप वाटत नाही. पैसे काढून घेणारी ॲप याच नावांनी फिरवली जातात. दाबून धरा, डिलीट करा, पुढे चला.

एवढं उपसून झालं की येणारं बंद करा, नाहीतर पंधरा दिवसांत परत तेच. 'स्टोरेज अँड डेटा'मध्येच मीडिया ऑटो-डाऊनलोड आहे. मोबाईल डेटा, वाय-फाय आणि रोमिंग, तिन्हीकडच्या फोटो, ऑडिओ, व्हिडिओ, डॉक्युमेंट या सगळ्या खुणा काढा. त्यानंतर फोटो धूसर दिसतात, हवा तो टॅप केला की उतरतो. पुष्कळ जण याऐवजी 'मीडिया व्हिजिबिलिटी' बंद करतात आणि जागा वाचली असं समजतात. त्याने फोटो गॅलरीत दिसायचे फक्त थांबतात, उतरतात ते उतरतातच. ग्रुपवर आपोआप नाहीसे होणारे मेसेज लावले तरी ऑटो-डाऊनलोड चालू असेल, तर उतरलेल्या फायली फोनमध्ये राहू शकतात.

टेलिग्रामचं काम सोपं. सीक्रेट चॅट सोडल्या तर तिथलं सगळं त्यांच्या सर्व्हरवर असतं, फोनमध्ये फक्त प्रत. 'डेटा अँड स्टोरेज', 'स्टोरेज युसेज' इथून खुशाल साफ करा.

स्वतः काढलेल्या व्हिडिओंकडे आता वळा. फुल एचडीत एक मिनिट म्हणजे साधारण १३० एमबी, फोर-केमध्ये साडेतीनशेच्या घरात. फोर-केवर दहा मिनिटं शर्यत काढली तर साडेतीन जीबी गेले, आणि बघणार कोण, तर सहा इंची पडद्यावर आपणच. कॅमेऱ्याच्या सेटिंगमध्ये फुल एचडी, ३० फ्रेम ठेवा. 'हाय एफिशियन्सी' किंवा एचईव्हीसी पर्याय असेल तर तो चालू केल्यावर आकार निम्म्याच्या आसपास येतो. मात्र जुन्या कॉम्प्युटरवर असे व्हिडिओ कधी कधी चालत नाहीत, तेव्हा गावातल्या स्टुडिओला द्यायचं असेल तर आधी विचारून घ्या.

गूगल फोटोज वापरत असाल तर वरच्या कोपऱ्यातल्या आपल्या चित्रावर टॅप करून बॅकअप पूर्ण झाला आहे का ते बघा, मगच 'फ्री अप स्पेस' दाबा. त्याने फोनमधली प्रत जाते, खात्यातली राहते. त्याच ॲपमध्ये फोटो निवडून साधं डिलीट दाबलं तर दोन्हीकडून जातो. फोनमधूनच काढायचा असेल तर 'डिलीट फ्रॉम डिव्हाइस' हा वेगळा पर्याय आहे. या दोन बटणांच्या गोंधळात मोठं नुकसान होतं. फुकटची जागा १५ जीबी आहे आणि ती जीमेल, ड्राइव्ह, फोटोज यांच्यात मिळून आहे. १ जून २०२१ पासून नवे फोटोही त्यात मोजले जातात, आणि आता व्हॉट्सॲपचा बॅकअपही. ती भरली की ईमेल येणंच थांबतं. म्हणून फोटोजमध्ये व्हॉट्सॲपच्या फोल्डरांचा बॅकअप चालू करू नका, आणि व्हॉट्सॲपच्या चॅट बॅकअपमधून व्हिडिओ वगळा.

पुसूनही आकडा हलत नसेल तर कचरापेटी बघा. गॅलरीत डिलीट केलेलं बहुतेक फोनांत ३० दिवस पेटीत पडून राहतं. गूगल फोटोजमध्ये बॅकअप झालेलं ६० दिवस. पेटी रिकामी केल्याशिवाय जागा सुटत नाही. गॅलरीची पेटी वेगळी, फाईल मॅनेजरची वेगळी, दोन्ही बघा.

पैसे न भरता ठेवायचं असेल तर पेनड्राइव्ह आणि ओटीजी, म्हणजे तो फोनला जोडायची सोय. विवो, ओप्पो, रिअलमीच्या बऱ्याच फोनांत ओटीजी आधी सेटिंगमध्ये चालू करावं लागतं आणि थोडा वेळ वापरलं नाही तर ते आपोआप बंद होतं. पेनड्राइव्ह खराब आहे असं वाटतं ते त्यामुळेच. तो एक्सफॅट या साठवणीच्या पद्धतीत फॉरमॅट केलेला घ्या. फॅट ३२ वर ४ जीबीपेक्षा मोठी फाईल जात नाही, आणि एनटीएफएस कित्येक फोन वाचत नाहीत. फायली 'मूव्ह' करू नका. मध्येच केबल हलली तर फाईल इकडेही नाही आणि तिकडेही नाही असं होऊ शकतं. कॉपी करा, पेनड्राइव्हवरून दोन-चार व्हिडिओ चालवून बघा, मग फोनमधून पुसा. लग्नाचे, गेलेल्या माणसांचे फोटो एकाच पेनड्राइव्हच्या भरवशावर ठेवू नयेत. मेमरी कार्डाचा स्लॉट असेल तर कॅमेऱ्याची साठवण कार्डावर वळवता येते. पण अनेक फोनांत कार्ड आणि दुसरं सिम यांना जागा एकच असते.

बाकीचं थोडक्यात. 'डाऊनलोड' फोल्डरमध्ये एकाच सातबाऱ्याच्या चार प्रती सापडतात. 'फाइल्स बाय गूगल' ॲप दुबार फायली दाखवतं. यूट्यूबमध्ये ऑफलाईन ठेवलेले व्हिडिओ त्याच ॲपच्या आत जाऊन पुसावे लागतात, गॅलरीत ते दिसत नाहीत. फोन तीनशे टक्के फास्ट करून देतो म्हणणारी क्लीनर ॲप काढून टाका, ती जागा खातात आणि वर जाहिराती दाखवतात. आयफोनवर 'जनरल', 'आयफोन स्टोरेज' इथे सगळं एका ठिकाणी आहे. 'ऑफलोड' केलं की ॲप जातं, त्यातली माहिती राहते.

आणि फोन इतका भरला असेल की व्हॉट्सॲप उघडतच नाही, तर ते अनइन्स्टॉल करू नका. जागा नसल्यामुळे ताजा बॅकअप झालेला नसण्याचीच शक्यता जास्त, मग मधल्या दिवसांच्या चॅट कायमच्या जातात. सेटिंग्ज, 'ॲप्स' इथून फेसबुक, इन्स्टाग्राम, यूट्यूब, क्रोम यांची फक्त 'कॅशे', म्हणजे तात्पुरती साठवण, साफ करा. शेजारचं 'क्लिअर डेटा' बटण दाबायचं नाही. त्याने लॉगिन जातं, आणि ई-पीक पाहणीसारख्या ॲपमध्ये एखादी नोंद अपलोड व्हायची राहिली असेल तर तीही. एवढ्याने पाव-अर्धा जीबी सुटला की फाईल मॅनेजरमधून एक-दोन मोठे व्हिडिओ काढा, पेटी रिकामी करा, फोन बंद करून चालू करा. व्हॉट्सॲप उघडलं की पहिलं काम बॅकअप, आणि मग 'मॅनेज स्टोरेज'.