पाठीवरचं साल

चित्र बबल-रॅपमध्ये गुंडाळून आलं होतं. प्लॅस्टिक थेट रंगावर आणि फुगे आतल्या बाजूला, म्हणजे बांधायची सगळ्यात वाईट तऱ्हा. रॅप काढून कॅनव्हास टेबलावर आडवा ठेवला आणि टेबल-लॅम्प कडेला, जवळजवळ कॅनव्हासच्या पातळीवर आणला. उजव्या खालच्या भागात नाण्याएवढ्या गोलांची रांग उठलेली दिसली. फुग्यांचे वळ होते ते.

सोबतच्या कागदावर लिहिलं होतं : वासुदेव गायतोंडे, कॅनव्हासवर तैलरंग, ६० बाय ४० इंच, १९८६. काम मागितलं होतं साधंच. वरची धूळ काढा, खालच्या कोपऱ्यातला टवका भरा आणि लिलावासाठी कंडिशन रिपोर्ट, म्हणजे चित्राच्या अवस्थेचा अहवाल द्या. मालकाने ते नुकतंच एका मध्यस्थाकडून घेतलं होतं.

पस्तीस-चाळीस वर्षं जुना तैलरंग बोटाने दाबला तरी दबत नाही. तेल हवेतला ऑक्सिजन घेऊन घट्ट होतं. वरचा पापुद्रा काही दिवसांत सुकतो, जाड थर आतपर्यंत कडक व्हायला वर्षं जातात, पण चाळीस वर्षं पुष्कळ झाली. मुंबईच्या उकाड्यात गाडीच्या डिकीत पडून फुग्यांचे वळ घेतो तो सहसा अॅक्रिलिक. हा प्लॅस्टिकचाच प्रकार. साधारण खोलीच्या तापमानालाच तो मऊ पडायला लागतो, म्हणून अॅक्रिलिक चित्रांवर धूळही रुतून बसते.

अर्थात वळांवरून काही ठरत नाही. जाड लावलेला, जास्त तेलाचा रंगही कधीकधी मऊ राहतो. खटकलं ते साल.

गायतोंड्यांचं आयुष्य या कामात हत्यारासारखं वापरावं लागतं. जन्म १९२४, नागपूर, घराणं गोव्याचं, लहानपण गिरगावातल्या चाळीत, जे. जे.मधून १९४८ साली डिप्लोमा. पन्नाशीच्या दशकात पॉल क्ले या युरोपीय चित्रकाराची छाप असलेली चित्रं, मग आकृत्या गळत गेल्या. १९६४ साली रॉकफेलर शिष्यवृत्तीवर न्यूयॉर्क. साठीच्या दशकाच्या अखेरीस आडवा कॅनव्हास मागे पडला आणि उभा आला. १९७२च्या सुमारास मुंबई सोडून दिल्लीला निजामुद्दीनमधली बरसाती, म्हणजे गच्चीवरची खोली. वर्षाकाठी चित्रं मोजकीच, कारण एकेका चित्राचा विचारच महिनोन्‌महिने चाले. आणि १९८४ साली दिल्लीत रिक्षाचा अपघात. त्यानंतर काही वर्षं मोठा कॅनव्हास हाताळणं त्यांना जमत नव्हतं. त्या काळातली त्यांची कामं आहेत, पण ती कागदावरची, शाईतली, लहान आकाराची. मोठे कॅनव्हास परत सुरू झाले ते दशक संपता संपता. मग १९८६चा पाच फुटी कॅनव्हास आला कुठून?

अपवाद असू शकतो. अपघाताआधी सुरू केलेलं चित्र नंतर पुरं करून साल घातलं असेल. म्हणून सालावर काट मारून मोकळं होता येत नाही. पण या सालाने तपासणीची दिशा ठरवली. नकला करणारे बहुधा किमतीच्या बातम्या वाचतात, चरित्र वाचत नाहीत. २०१३ साली मुंबईतल्या लिलावात गायतोंड्यांच्या एका चित्राला २३ कोटी ७० लाख मिळाले. अशा आकड्यांनंतर ‘घरात पडून असलेले’ गायतोंडे बाहेर यायला लागले नाहीत तरच नवल.

समोरची बाजू आधी. गायतोंडे रोलर आणि पॅलेट-नाइफने रंग लावत आणि तितकाच काढतही. वर्तमानपत्राचे, मासिकांचे फाडलेले कागद ओल्या रंगावर दाबायचे, उचलायचे. कागद जिथे रंग घेऊन जातो तिथे खालचा थर उघडा पडतो. त्यामुळे त्यांच्या चित्रातले ते लिपीसारखे आकार पुष्कळदा रंगात उतरलेले असतात, रंगावर चढवलेले नसतात. तिरक्या उजेडात हे लगेच कळतं. आकाराची कड खोलगट आणि तुटक असते, कागदाची फाटकी रेघ उमटलेली असते, आणि आकाराच्या आत दोन-तीन थर एकमेकांतून डोकावतात. इथे उलट होतं. प्रत्येक आकार उंचवट्यासारखा वर आलेला, कडेला सुरीने ढकललेल्या पेस्टचा बांध. उजेड उजवीकडून दिला की डावीकडे सावली पडे, सगळीकडे सारखीच. लांबून फोटोत हे दोन्ही प्रकार सारखे दिसतात. फोटोवरून मत देऊ नये ते एवढ्यासाठीच.

मग पाठ. मागे देवनागरीत आणि रोमनमध्ये सही आणि साल. त्यांची तशी सवय होतीच, तेव्हा नक्कल करणाऱ्याला एवढं ठाऊक होतं. कॅनव्हास चहाच्या रंगाचा. जुना कॅनव्हास उघड्या भागात काळवंडतो, पण स्ट्रेचरच्या, म्हणजे कॅनव्हास ताणायच्या लाकडी चौकटीच्या, पट्टीमागे हवा आणि धूळ कमी पोचते, तिथे तो फिका राहतो. मालकाची लेखी परवानगी घेऊन खालच्या बाजूच्या चार चुका, म्हणजे बारीक खिळे, काढल्या आणि कापड पट्टीवरून सोडवलं. पट्टीमागचं कापडही तेवढंच तपकिरी निघालं. म्हणजे ताणण्याआधीच कोणीतरी ते रंगवलं होतं. शिवाय दुमडलेल्या कडेवर भोकांच्या दोन ओळी होत्या. एका ओळीत आत्ताच्या चुका, दुसरीत नुसती गंजाची वर्तुळं. पूर्वी हे कापड दुसऱ्याच मापाच्या चौकटीवर होतं.

बोळ्याची चाचणी कडेलाच केली. काडीला कापूस गुंडाळून आयसोप्रोपिल अल्कोहोलात बुडवायचा, टिपकागदावर निथळवायचा, आणि मुगाएवढ्या जागेत हलका फिरवायचा. जुन्या तैलरंगावर बोळा बहुधा स्वच्छ राहतो. इथे तो काही सेकंदांत पिवळा झाला. पण अॅक्रिलिक कितीही जुनं असलं तरी अल्कोहोलने फुगतं. म्हणजे या चाचणीतून माध्यमाचा अंदाज येतो, वय कळत नाही. एवढंच दिसलं की कागदावर लिहिलेल्या जुन्या ‘तैलरंगा’शी हे जुळत नव्हतं.

मालकाचा आग्रह होता की क्ष-किरणांवर चालणाऱ्या त्या हातातल्या यंत्राने, एक्सआरएफने, एकदा बघा. यंत्र मूलद्रव्यं सांगतं : टायटॅनियम, झिंक, कॅडमियम. पन्नाशीच्या दशकाचा दावा असलेल्या चित्रात याचा थोडाफार उपयोग होतो, कारण काही रंगद्रव्यं तेव्हा दुकानात आलीच नव्हती. १९८६च्या दाव्यात जवळजवळ काहीच नाही. टायटॅनियमचा पांढरा तेव्हाही कोपऱ्यावर मिळे, आजही मिळतो. यंत्रावर लोकांचा विश्वास फार, डोळ्यांवर कमी.

खरा उलगडा उजेड पाठीमागून दिल्यावर झाला. खोली अंधारी केली, कॅनव्हासमागे हॅलोजन दिवा ठेवला, समोर इन्फ्रारेड, म्हणजे डोळ्यांना न दिसणारे अवरक्त किरण, अडवणारा फिल्टर काढून टाकलेला आणि लेन्सवर दृश्य प्रकाश अडवणारी काच लावलेला कॅमेरा. दिवा दोन फूट लांब आणि एका वेळी काही सेकंदच, नाहीतर मऊ रंग तापून चिकट होतो. पडद्यावर आधी धूसर ढग दिसले. एक्स्पोजर वाढवलं तशा बारीक सरळ रेघा आल्या, उभ्या आणि आडव्या, एकेका इंचाच्या चौकोनांचं जाळं. आणि जाळ्याच्या वरच्या भागात, आडव्या कुशीवर, पगडीची कड, एक कान आणि कोटाची कॉलर.

कॅनव्हास आडवा फिरवल्यावर माणूस सरळ झाला. फोटोवरून चौकोन आखून मोठं केलेलं पोर्ट्रेट होतं ते. दिवाणखान्यात किंवा संस्थेच्या हॉलमध्ये लावायला पूर्वी अशी शेकड्यांनी रंगवली जात. चेहऱ्याचा मधला भाग घासून टाकलेला.

इथेही घाई करून चालत नाही. हात तंगीत असलेल्या चित्रकारांनी जुने कॅनव्हास उलटे करून, घासून वापरल्याची उदाहरणं जगभर आहेत. प्रश्न एवढाच होता की दोन चित्रांमध्ये किती काळ गेला. उत्तर त्या टवक्याच्या कडेला होतं. तिथून अर्ध्या मिलिमीटरहून लहान कण स्काल्पेलच्या टोकाने घेतला, पारदर्शक रेझिनमध्ये बसवला, रेझिन घट्ट झाल्यावर बारीक पॉलिश पेपरने घासत कणाची आडवी कड उघडी केली. मायक्रोस्कोपखाली थर असे : तळाशी पांढरं ग्राउंड, म्हणजे रंगाआधी कापडावर दिलेला लेप, त्यावर तपकिरी तैलरंग, त्यावर पिवळट व्हार्निश, व्हार्निशवर काळी रेघ, मग पांढरं अॅक्रिलिक प्रायमर, सगळ्यात वर पिवळा.

काळी रेघ म्हणजे धूळ आणि काजळी. आणि ग्राउंडपासून व्हार्निशपर्यंत एक उभी भेग होती, तिच्यात वरचं पांढरं प्रायमर तळापर्यंत उतरलेलं. आधी पोर्ट्रेट सुकलं, भिंतीवर मळलं, तडकलं. त्यानंतर प्रायमर आलं. वरचे थर आधीच असते आणि सगळं सोबत तडकलं असतं, तर भेग रिकामी दिसली असती.

रिपोर्टात ‘बनावट’ हा शब्द घातला नाही. तो आमचा अधिकार नाही. माध्यम अॅक्रिलिक, कागदातल्या वर्णनाशी विसंगत. कापडाला ताणण्यापूर्वी रंग दिलेला. खाली मळलेलं आणि तडकलेलं पोर्ट्रेट. रंग लावण्याची पद्धत चित्रकाराच्या ज्ञात पद्धतीहून वेगळी. १९८४ नंतरच्या काही वर्षांत मोठ्या कॅनव्हासची ज्ञात उदाहरणं नाहीत. सोबत फोटो आणि थरांचा नकाशा. मध्यस्थाचा फोन आला की पोर्ट्रेटचा परिच्छेद गाळता येईल का. नाही म्हटलं.

मालकाने मात्र वेगळंच विचारलं : वरचं काढून खालचे गृहस्थ परत मिळतील का? वरचं अॅक्रिलिक अल्कोहोलने फुगवून, जेल लावून, थोडं थोडं उचलता येतं, आणि खालचा जुना तैलरंग ते बऱ्यापैकी सोसतो. पण प्रायमर भेगांत उतरलेलं, ते तिथेच राहणार. आणि चेहरा घासलेलाच आहे. तो रंगवून द्यायचा तर आम्हीही तेच करत असू. पगडी, कॉलर आणि कदाचित एक कान निघेल, असं सांगितलं. त्यांनी कोपऱ्यात तळहाताएवढी खिडकी उघडायला सांगितली. उरलेलं चित्र तसंच, टवका न भरता, ग्लासिन या गुळगुळीत कागदात बांधून परत गेलं.