मनिलात गोन्सालोचं घर शोधताना

मुरल्ला स्ट्रीटवरच्या कॉलेजच्या फाटकापाशी थांबून मी गार्डला विचारलं, "सान फ्रान्सिस्को चर्च कुठे आहे?" त्याने माझ्याकडे पाहिलं, माझ्या हातातल्या कागदाकडे पाहिलं. "इथे चर्च नाही, मॅम. हे मापुआ. इंजिनिअरिंग." गळ्यात आयकार्डं अडकवलेली पोरं त्याच्या बाजूने आत चालली होती. एकीच्या हातात ड्रॉइंगची नळी होती, दुसरीच्या हातात काडीला टोचलेलं, गुळात तळलेलं केळं.

उत्तर मला ठाऊक होतं. फ्रान्सिस्कन संघाच्या साधूंचं चर्च आणि मठ १९४५ च्या लढाईत जमीनदोस्त झाले आणि पुढे त्या जागेवर हे कॉलेज आलं. तरी त्या जागी उभं राहून एकदा तोंडाने नाव घ्यायचं, हे घरून निघतानाच ठरलं होतं.

मी वसईची, गासची. आमचं चर्च संत गोन्सालो गार्सियाच्या नावाचं. वसईत जन्मलेला मुलगा, बाप पोर्तुगीज, आई इथलीच. आजी चर्चला देऊळच म्हणायची, आणि फेब्रुवारीत सण आला की आम्हा नातवंडांना सांगायची, "आपला गोन्सालो जपानात गेला आणि क्रुसावर मेला." जपान आम्हा सगळ्यांना पाठ होतं. मनिलाचं नाव मात्र घरात कधी निघालं नाही. खरं तर तो फ्रान्सिस्कन झाला तो मनिलात. जपानात जेझुइटांच्या सोबतीने राहून तो तिथली भाषा अस्खलित शिकला, पण त्यांच्या संघात त्याला जागा मिळाली नाही. मग व्यापार केला, मनिलात आला, आणि इथे फ्रान्सिस्कनांनी त्याला ब्रदर म्हणून घेतलं. १५९३ मध्ये फादर पेद्रो बाउतिस्ता जपानला निघाले तेव्हा दुभाषी म्हणून गोन्सालो त्यांच्याबरोबर गेला. ५ फेब्रुवारी १५९७ ला नागासाकीच्या टेकडीवर २६ जणांना क्रुसावर चढवलं, त्यात हे दोघेही होते.

वसई पोर्तुगीजांची आणि मनिला स्पेनची, मग हा मुलगा तिथे कसा, असं मला नेहमी वाटायचं. १५८० पासून १६४० पर्यंत दोन्ही राज्यांचा राजा एकच होता. गोवा, मकाव, नागासाकी, मनिला या बंदरांमधून फिरणाऱ्या माणसासाठी हा फार मोठा फरक असणार.

मी डिसेंबरात गेले होते. १६ ते २४ डिसेंबर, नऊ दिवस इथे उजाडायच्या आत मिस्सा, म्हणजे चर्चमधली मुख्य उपासना, होते. तिला सिम्बांग गाबी म्हणतात. शेतावर जायच्या आधी माणसांना मिस्सा मिळावी म्हणून ही वेळ पडली. पहाटे साडेचारला मनिला कॅथेड्रलच्या पायऱ्यांवर पोहोचले तर आत बसायला जागा नव्हती. बाहेर कागदी चांदण्यांचे कंदील, त्यांना इथे पारोल म्हणतात, आणि दारापाशी एक नातू आजीचा हात उचलून स्वतःच्या कपाळाला लावत होता. वडीलधाऱ्यांचा आशीर्वाद घ्यायची ही इथली रीत. आमच्याकडे संध्याकाळी रोझरी झाली की घरातली मुलं मोठ्यांकडे आशीर्वादाला जातात, ते मला एकदम आठवलं.

मिस्सा संपल्यावर बाहेर बिबिंगका घेतली. गोव्याच्या बिबिंकेशी नाव जुळतं, पण ही थरांची नसते. तांदळाचं पीठ आणि नारळाचं दूध केळीच्या पानावर ओतून भाजतात, निखारे खाली आणि वर झाकणावरही. पान कडेने करपलेलं, वर किसलेला नारळ. पहिला घास घेतला आणि मला आपली पानगी आठवली. नाकात शिरताना दोन्हींचा वास एकच.

उजाडल्यावर कॅथेड्रल नीट पाहिलं. पुढच्या मोठ्या दारांवर ब्राँझमध्ये याच वास्तूचा इतिहास उठवला आहे. तो वाचायला वेळ लागतो, कारण हे चर्च पडण्याची आणि पुन्हा उभं राहण्याची रांगच आहे. १५८१ चं पहिलं कॅथेड्रल बांबू, लाकूड आणि निपाच्या पानांचं होतं. दोनच वर्षांत आगीत गेलं. मग दगडी बांधलं, ते १६०० च्या भूकंपात पडलं. १६४५ ला पुन्हा भूकंप, १८६३ ला पुन्हा. १८७९ मध्ये नवी वास्तू झाली, पुढच्याच वर्षी भूकंपात तिचा घंटामनोरा पडला. १९४५ च्या फेब्रुवारीत जपान्यांकडून मनिला परत घेण्याच्या लढाईत ते सगळं संपलं. त्या एका महिन्यात शहरात लाखभर नागरिक मेले. आज दिसतं ते चर्च फेर्नांदो ओकांपो या वास्तुशिल्पकाराने १९५४ ते १९५८ या काळात उभं केलं. दगड नवे आहेत, पण जागा आणि कुमारी मरियेला केलेलं अर्पण जुनंच आहे.

कॅथेड्रल हा शब्द खुर्चीवरून आलाय. बिशपांची खुर्ची जिथे, ते कॅथेड्रल. मनिलातली ती खुर्ची कोणाकोणाला मिळाली आणि कोणाला नाही, ही गोष्ट मला भूकंपांपेक्षा जास्त खोल वाटली.

मनिलाचा धर्मप्रांत पोप तेरावे ग्रेगरी यांनी १५७९ मध्ये स्थापला आणि तो समुद्रापलीकडच्या मेक्सिकोच्या हाताखाली ठेवला. पहिले बिशप दोमिंगो दे सालाझार, डोमिनिकन, १५८१ मध्ये इथे उतरले. सालामांकात शिकलेला हा माणूस. आल्या आल्या त्यांनी धर्मसभा बोलावली आणि जमीनदार इथल्या लोकांकडून ज्या पद्धतीने खंडणी उकळत होते त्यावर बोट ठेवलं. राजाकडे गाऱ्हाणं घालायला ते म्हातारपणी स्पेनला परत गेले आणि १५९४ मध्ये माद्रिदला वारले. पुढच्या वर्षी, १५९५ ला, मनिला महाधर्मप्रांत झाला आणि सेबू, नुएवा कासेरेस, नुएवा सेगोविया हे तीन धर्मप्रांत त्याच्या हाताखाली आले. पहिले आर्चबिशप सांतिबान्येस १५९८ मध्ये पोहोचले आणि काही महिन्यांतच गेले.

म्हणजे मधली चार वर्षं खुर्ची रिकामी होती. ही रिकामी खुर्ची आमच्या गोन्सालोच्या गोष्टीत येऊन भिडते. मेक्सिकोचा एक तरुण, फेलिपे, मनिलातच फ्रान्सिस्कन झाला होता. त्याला गुरुदीक्षा द्यायला मनिलात बिशपच नव्हते, म्हणून १५९६ मध्ये तो मेक्सिकोच्या गलबतावर चढला. ते गलबत वादळात सापडून जपानच्या किनाऱ्याला लागलं. मालावरून तंटा झाला, जपानचा सत्ताधीश हिदेयोशी संतापला आणि धर्मगुरूंना पकडायचा हुकूम सुटला. फेलिपे आणि गोन्सालो नागासाकीला एकाच रांगेत क्रुसावर गेले. गासच्या चर्चमध्ये इतकी वर्षं बसून मला हा धागा कधी कळला नव्हता.

बिशप नेमायचा हक्क स्पेनच्या राजाकडे होता. बहुतेक धर्मग्रामं (पॅरिश) फ्रायरांच्या, म्हणजे फ्रान्सिस्कनांसारख्या संघांतल्या साधूंच्या, हातात होती आणि ते आर्चबिशपांची तपासणी मानायला तयार नसत. गव्हर्नरशीही भांडणं इतकी, की १६३६ मध्ये आर्चबिशप गेरेरोंना आणि १६८३ मध्ये आर्चबिशप पार्दोंना शहराबाहेर हद्दपार केलं. १७६२ ला उलटं झालं. गव्हर्नर नव्हता म्हणून आर्चबिशप रोखो यांच्याकडेच राज्यकारभार होता, आणि नेमके तेव्हाच इंग्रज आले. ते आले मद्रासहून, जहाजांवर हिंदुस्थानी शिपाई घेऊन. रोखोंनी शहर हवाली केलं. त्या शिपायांपैकी काही जण इथेच राहिले आणि काइंता गावात संसार केले.

आणि इथल्या माणसांचं काय? १७७० च्या दशकात आर्चबिशप सांचो यांनी फ्रायरांना शह द्यायला भराभर स्थानिक धर्मगुरू घडवले. पुरेसं शिक्षण न देता. गावात टोमणा फिरू लागला, की होड्यांना वल्हवायला माणूस उरला नाही, सगळ्यांना आर्चबिशपांनी दीक्षा दिली. घाई आर्चबिशपांची होती, नाव मात्र इथल्या माणसांचं खराब झालं. हे वाचताना मला मनापासून राग आला. पुढच्या शतकात 'हे लायक नाहीत' असं म्हणत त्यांच्याकडची धर्मग्रामं एकेक करून काढून परत फ्रायरांना दिली.

त्याविरुद्ध उभे राहिले फादर पेद्रो पेलाएझ. काही काळ खुर्ची रिकामी असताना महाधर्मप्रांताचा कारभारही त्यांनी पाहिला होता. ३ जून १८६३ ला, संध्याकाळच्या प्रार्थनेच्या वेळी, भूकंपात कॅथेड्रलचं छप्पर कोसळलं आणि ते त्याखाली गेले. ज्या चर्चसाठी आयुष्यभर भांडले, त्याच्याच दगडांखाली. मी मधल्या बाकावर बसून वर पाहिलं. छत नवं आहे, पण नजर काही केल्या खाली येईना.

पेलाएझांचा विद्यार्थी फादर होसे बुर्गोस. १८७२ च्या जानेवारीत काविते इथे शिपायांचं बंड झालं आणि त्याचं खापर बुर्गोस, गोमेझ आणि झामोरा या तीन धर्मगुरूंवर फोडलं. १७ फेब्रुवारीला बागुंबायनच्या मैदानात मानेभोवतीचा लोखंडी पट्टा आवळून त्यांना मारलं. गोमेझ सत्तरी ओलांडलेले होते, बुर्गोस जेमतेम पस्तिशीचे. सरकारने आर्चबिशप मार्तिनेझ यांना सांगितलं, यांचा धर्मगुरूचा झगा आधी उतरवा. आर्चबिशप स्पॅनिश होते, तरी त्यांनी ते केलं नाही. तिघे झग्यातच गेले आणि चर्चच्या घंटा वाजल्या.

मी दुपारी पाको पार्कला गेले. ही जुनी दफनभूमी, गोल. दोन गोल भिंती, एकीच्या आत दुसरी, आणि भिंतीत खणच खण, एकावर एक, पेटाऱ्यांसारखे. तिघांना इथेच पुरलं होतं, खुणेशिवाय. आता तिथे त्यांची आठवण कोरली आहे. शेजारी एका लग्नाचे फोटो चालले होते. नवरीच्या झग्याची कड एक लहान मुलगी दोन्ही हातांनी उचलून धरत होती, मातीला लागू नये म्हणून.

फिलिपिनो बिशप पहिल्यांदा झाले ते १९०६ मध्ये, होर्हे बार्लिन, तेही दुसऱ्या धर्मप्रांतात. मनिलाच्या खुर्चीवर स्पॅनिशांनंतर अमेरिकन बसले, मग आयरिश. पहिले फिलिपिनो आर्चबिशप गाब्रिएल रेयेस आले १९४९ मध्ये. महाधर्मप्रांत होऊन ३५४ वर्षं झाली होती. आपल्याकडे मुंबईला व्हॅलेरियन ग्रेशस पहिले भारतीय आर्चबिशप झाले १९५० मध्ये. दोन्ही शहरांना हा दिवस जवळजवळ एकाच वेळी दिसला, हे मला कॅथेड्रलमध्ये बसून बोटांवर मोजताना लक्षात आलं. पुढे याच खुर्चीवरून कार्डिनल सिन यांनी १९८६ च्या फेब्रुवारीत रेडिओवरून लोकांना हुकूमशहा मार्कोसविरुद्ध रस्त्यावर यायला सांगितलं, आणि लोक जपमाळा घेऊन रणगाड्यांसमोर बसले.

सान आगुस्तिनबद्दल लिहिल्याशिवाय पुढे जाता येणार नाही. इंट्राम्युरोसच्या तटबंदीतल्या सात चर्चपैकी १९४५ ला टिकलं ते हे एकच, १६०७ मध्ये पूर्ण झालेलं. दारात चिनी दगडी सिंह. एका बाजूला मनोरा आहे, दुसऱ्या बाजूला नाही, भूकंपात खिळखिळा झाला म्हणून उतरवला. आत छतावर कोरीवकाम आहे असं वाटतं, फुलं, कोनाडे, पाकळ्या. मान दुखेपर्यंत पाहिल्यावर कळतं की सगळं सपाट आहे, रंगवलेलं. दोन इटालियन चित्रकारांनी १८७५ मध्ये नुसत्या सावल्यांवर ते उभं केलं.

आणखी एक गोष्ट माझ्या मनात रुतून बसलीय. १५९३ मध्ये, म्हणजे गोन्सालो जपानला निघाला त्याच वर्षी, मनिलात धर्मशिक्षणाचं पुस्तक लाकडी ठशांनी छापलं गेलं, स्पॅनिशमध्ये आणि तागालोग या इथल्या भाषेत. तागालोग मजकूर रोमन लिपीत आहेच, पण बायबायिन या इथल्या लिपीतही आहे. त्याच्या एका पानाची प्रतिकृती पाहिली. ही लिपी ब्राह्मीच्या कुळातली. अक्षरात 'अ' आपोआप असतो. वर टिंब दिलं की 'क' चा 'कि', खाली दिलं की 'कु'. मी काचेवर बोट ठेवून वेलांट्या आणि उकार शोधत राहिले. तागालोगमध्ये शिक्षकाला गुरो म्हणतात, चेहऱ्याला मुखा. तेवीस वर्षांनी आपल्याकडे गोव्यात ख्रिस्तपुराण छापलं, मराठीत, पण रोमन अक्षरांत, कारण नागरीचे ठसे नव्हते. मनिलात लाकूड कोरून तो प्रश्न सुटला होता.

शेवटच्या दिवशी जीपनी, म्हणजे इथली शेअर गाडी, पकडली, पाटीवर 'फ्रिस्को' लिहिलेली. फ्रिस्को म्हणजे सान फ्रान्सिस्को देल मोंते, आता केझॉन सिटीत. महाधर्मप्रांताची वाटणी झाल्यावर २००३ पासून हा भाग कुबाओ धर्मप्रांतात गेला. १५९० मध्ये फादर पेद्रो बाउतिस्तांनी इथे रानात बांबूचं छोटं चर्च बांधलं. ते ज्या गुहेत प्रार्थनेला बसत असं सांगतात, ती चर्चलगत आहे. इतकी बुटकी, की वाकूनच आत जावं लागतं.

आत एक बाई फुलं बदलत होत्या. मी त्यांना पर्समधलं गासच्या सणाचं कार्ड दाखवलं, गोन्सालोचं चित्र असलेलं. "सान गोन्सालो," त्या लगेच म्हणाल्या. "सान पेद्रोचा सोबती. तुमच्या गावचा?" मी हो म्हटलं. त्यांनी कार्ड दोन्ही हातांत घेतलं, मागची मराठी प्रार्थना उलटीसुलटी करून पाहिली आणि वाचून दाखवायला सांगितलं. मी वाचली. त्या ओळीओळीला मान हलवत होत्या. मग त्यांनी ते कार्ड मेणबत्त्यांच्या कडेला, ओल्या फुलांपासून जरा दूर, उभं करून ठेवलं.