पाठ फिरली, ओव्हर संपली

१९८३ साली आमच्या नारायण पेठेतल्या वाड्यात टीव्ही एकच, खालच्या काकांकडे. शटरचा, ब्लॅक अँड व्हाइट. चित्र सिंहगडावरच्या केंद्रावरून यायचं, पण वारा सुटला की पडद्यावर नुसत्या मुंग्या. मग काकांचा मुलगा कौलांवर चढून अँटेना फिरवायचा आणि खालून आमचा ओरडा, "आलं, आलं... गेलं!"

२५ जूनच्या शनिवारी संध्याकाळी त्या खोलीत पाय ठेवायला जागा नव्हती. लंडनच्या लॉर्ड्स मैदानावर क्रिकेट विश्वचषकाची फायनल होती, भारत विरुद्ध वेस्ट इंडीज. मी अकरा वर्षांची, आजीला टेकून बसलेले. आजीचं क्रिकेट रेडिओवरचं, बाळ ज. पंडितांच्या मराठी समालोचनातून कानात बसलेलं. टीव्हीवर ती पहिल्यांदाच मॅच बघत होती.

थोड्या वेळानं म्हणाली, "मघाशी बोलर पाठमोरा होता, आता बॅट्समन. असं का गं?"

काकांनी सांगितलं. बीबीसीचा मुख्य कॅमेरा तेव्हा मैदानाच्या एकाच टोकाला असे. त्यामुळे एका षटकात गोलंदाजाची पाठ दिसायची, पुढच्या षटकात यष्टिरक्षकाची. मग आजी त्यावरूनच षटकं मोजायला लागली. "पाठ फिरली, ओव्हर संपली." मला अजूनही ते जुनं चित्रण आवडतं. अर्धा खेळ लांबून, पाठीमागून बघायचा, म्हणून डोळे ताणून बघायचो.

आपल्या धावा १८३ च. संधूचा चेंडू ग्रीनिजनं बॅट वर उचलून सोडला आणि दांडी उडाली, तेव्हा खोली हादरली. पण मग रिचर्ड्स. २८ चेंडूंत ३३. सगळे गप्प.

मदनलालला त्यानं उंच मारलं. करड्या पडद्यावर चेंडू कुठे गेला ते कुणालाच कळेना. मागे मागे पळणारा कपिल तेवढा दिसत होता. आजीनं माझा हात घट्ट धरला. ती पडद्याकडे बघतच नव्हती, मान खाली घालून ऐकत होती. "लोक ओरडले बघ. झेल घेतला!" आमच्या आधी तिला कळलं होतं.

वेस्ट इंडीज १४० वर संपली आणि वाड्यात मध्यरात्री पेढे वाटले.

दुसऱ्या दिवशी आजीनं विचारलं, "कपिलच्या त्या १७५ ची मॅच कधी दाखवणार?" झिंबाब्वेविरुद्धची, टनब्रिज वेल्सची, आठवड्यापूर्वीची. तिथे टीव्हीचे कॅमेरेच नव्हते. तिला ते पटेना. शेवटी मी रद्दीतून जुना पेपर काढला आणि वाचायला लागले.

"थांब," आजी म्हणाली. "सतरा धावांत पाच आऊट? परत वाच."