ब्रुनो गान्त्सचा डावा हात

कोल्हापुरात तालमी दोन. एक लाल मातीतली, दुसरी राज्य नाट्य स्पर्धेच्या दिवसांत कुठल्यातरी हॉलमध्ये चालणारी. या दुसऱ्या तालमीत कंपवाताच्या म्हाताऱ्याची भूमिका आली, की नट पहिल्याच दिवशी दोन्ही हात थरथरवतो. त्याला आधी 'डेअर उंटरगांग' (2004) हा हिटलरच्या शेवटच्या दिवसांवरचा जर्मन चित्रपट दाखवा.

त्यातल्या हिटलरसाठी नट ब्रुनो गान्त्सने इस्पितळात जाऊन पार्किन्सनचे, म्हणजे कंपवाताचे, रुग्ण पाहिले होते. या आजारात हात निवांत असतानाच जास्त कापतो, सेकंदाला साधारण 4 ते 6 वेळा, आणि सुरुवात बहुधा एकाच बाजूने होते. वस्तू उचलली की कंप कमी होतो. आपल्याकडे नेमकं उलटं, कप उचलला की बशी वाजायला लागते! गान्त्स डावा हात पाठीमागे ठेवतो. समोरच्यांना तो दिसत नाही, मागच्या कॅमेऱ्याला दिसतो. भूमिका त्या लपवण्यात आहे.

रंगमंचावर हे तसंच उचललं तर फसतं. 2024 मध्ये जळण्याआधीच्या केशवराव भोसले नाट्यगृहात शेवटच्या रांगेतून बोटं दिसत नसत, म्हणून नट कोपरापासून हात हलवायचा आणि हसं व्हायचं. त्यापेक्षा उजव्या हाताने डावं मनगट घट्ट धरा. ते मागेही पोचतं.

गान्त्स मुळात नाटकवालाच. जन्म झुरिचचा, 1941चा. 1970 पासून दिग्दर्शक पेटर श्टाइनबरोबर बर्लिनच्या शाउब्यूने या नाट्यसंस्थेत. तिथल्या 1971च्या इब्सेनच्या 'पेअर ग्युंट'मध्ये नायक पेअर सहा नटांनी वाटून घेतला, त्यातला हा एक. आपल्याकडे नायकाची भूमिका अशी वाटायला काढली तर संस्था फुटेल! 2000 साली श्टाइनने गोएथेच्या 'फाउस्ट' नाटकाचे दोन्ही भाग न कापता केले, 12,000हून जास्त ओळी. फाउस्ट करणारा गान्त्स तालमीत जायबंदी झाला आणि शुभारंभ क्रिस्टियान निकेलने निभावला.

आता आवाज. 4 जून 1942 रोजी फिनलंडमध्ये हिटलरच्या खासगी गप्पांचं सुमारे 11 मिनिटांचं चोरटं ध्वनिमुद्रण झालं. त्यात भाषणातला चिरका सूर नाही. आवाज खोल, संथ आहे. गान्त्सने ते ऐकून आधी तो खालचा सा पक्का केला, म्हणून चित्रपटातल्या, नकाशासमोरच्या प्रसंगातलं ओरडणं अंगावर येतं. पहिल्याच अंकात तार सप्तक गाठलं तर तिसऱ्यात घसा बसतो. तालमीचे पहिले आठ दिवस सगळी वाक्यं चहाच्या टपरीवर बोलतो त्या पट्टीत म्हणा. ओरडायची जागा एकच ठेवा, आणि ती संहितेत पेन्सिलीने खूण करून ठेवा.