बाराशे, बाराशे दहा

गंगापूर रोडवरच्या माझ्या क्लिनिकला आजूबाजूचे दुकानदार ‘बोलायला शिकवतात तिथे’ म्हणतात. पाटीवर स्पीच थेरपी लिहिलंय, पण पत्ता विचारणाऱ्याला पहिलंच जास्त कळतं. लहान मुलं पुष्कळ येतात. मोठी माणसं येतात ती बहुतेक झटका येऊन गेल्यावर, वाचा गेलेली.

तात्या त्यांपैकीच. निफाड तालुक्यातले. कांद्याच्या बाजारात लिलाव पुकारण्यात सगळी नोकरी गेलेली, निवृत्ती तोंडावर आलेली. 2023 च्या डिसेंबरात कांद्याची निर्यात बंद झाली, भाव कोसळले, लिलाव थांबले, शेतकरी रस्त्यावर उतरले. त्याच धामधुमीत एका पहाटे तात्यांची उजवी बाजू गेली आणि तोंडही मिटलं. भाषेचं काम बहुतेकांच्या डाव्या मेंदूत चालतं आणि उजवे हातपायही तोच हलवतो, त्यामुळे दोन्ही पुष्कळदा जोडीनंच जातं. अशी वाचा जाण्याला वाचाघात म्हणतात. तात्यांना समजत मात्र सगळं होतं. मुलाने झटक्याची तारीख चुकीची सांगितली तेव्हा त्यांनीच मान हलवून त्याला थांबवलं. स्वतः बोलायला गेले की ‘हे... हे...’ एवढंच. आणि चिडले की एक शिवी, खणखणीत. काकू पदर तोंडाला लावायच्या. मी त्यांना सांगितलं, यात लाजायचं काही नाही. शिवी, मोजणी, पाठ असलेली प्रार्थना हे बोलणं विचार करून जुळवावं लागत नाही, ते आपसूक येतं. अशा रुग्णांत तेवढंच शाबूत राहिलेलं अनेकदा दिसतं. काकूंना एवढंच कळलं की मॅडमना शिवीचं काही वाटत नाही.

मुलगा गुणी. पण त्याने पलंगाभोवतीची भिंत लॅमिनेट केलेल्या सुविचारांनी भरून टाकली होती. वादळ, शिखर, गरुड, सगळं होतं त्यात. मोबाइलवर कुणातरी वक्त्याचं जोशपूर्ण भाषण सकाळ-संध्याकाळ चालू. भेटायला येणारा प्रत्येक पाहुणा पायाशी बसून म्हणायचा, “तात्या, हिंमत सोडायची नाही हां! बोला बघू, माझं नाव काय?” म्हणजे धीर द्यायचा आणि लगोलग परीक्षाही घ्यायची. सुविचारांशी माझं वाकडं नाही, माझ्या आईच्या स्वयंपाकघरात कॅलेंडरखाली कायम एक असायचा. पण ज्याला ‘पाणी’ म्हणता येत नाही, त्याच्या कानाशी दुसऱ्याचं फर्डं वक्तृत्व तासभर वाजवत ठेवणं मला क्रूरपणाचं वाटतं. मी तसं मुलाला सांगितलंही. तो म्हणाला, “मग काय करू मॅडम? गप्प बसून बघवत नाही.” याला माझ्याकडे उत्तर नव्हतं.

जानेवारीतल्या त्या सकाळी नाशकात कडाक्याची थंडी होती. मंडळी उशिरा आली. घरचा लाल कांदा त्याच दिवशी बाजारात गेला होता. ट्रॅक्टर शेजाऱ्यासोबत पाठवून मुलगा इकडे वडिलांना घेऊन आलेला, त्यामुळे त्याचं निम्मं लक्ष खिशातल्या फोनकडे. तात्यांचं तर कशातच नव्हतं. मी चित्रांची कार्डं मांडली, कप, किल्ली, चप्पल. त्यांनी डाव्या हाताने सगळी टेबलाच्या कडेला सारली. मुलाने घाईघाईने मोबाइल काढून ते भाषण लावलं. तात्यांनी डोळे मिटून घेतले. मी ते बंद करायला लावलं.

मोजणी करून पाहिली. माझ्यासोबत चारपर्यंत आले आणि थांबले. काकूंनी हरिपाठ म्हणायला सुरुवात केली. ही युक्ती पुष्कळांना चालते, ज्याला नाव सांगता येत नाही असा माणूस अख्खा अभंग म्हणून जातो. पण माळकरी काकू. पौष वद्य एकादशीला निवृत्तिनाथांच्या यात्रेला त्र्यंबकला जाणार त्या, तात्या घरी राहणार. दोन शब्द ओठांवर आले न आले, पुन्हा भिंतीकडे तोंड. आज इतकंच पुरे, असं मी म्हणणार होते.

तेवढ्यात मुलाचा फोन वाजला. शेजारी बाजारातून बोलत होता आणि मागच्या गोंगाटामुळे मुलाला स्पीकर लावावा लागला. “बाराशे पुकारलाय पहिला,” पलीकडून आवाज आला. “बाराशे? एवढाच?” मुलगा ओरडला.

तात्या ताठ झाले. डावा हात वर गेला, पंजा उघडा.

“बाराशे,” ते म्हणाले.

आम्ही तिघंही गप्प.

“बाराशे. बाराशे दहा. दहा, दहा, दहा... वीस! बाराशे वीस, वीस... बोला पुढं! बोला!”

ज्यांनी कांद्याचा लिलाव पाहिलाय त्यांना हा आवाज माहीत असेल. वाहनांच्या लांबच लांब रांगा, व्यापाऱ्यांचा घोळका एका ट्रॅक्टरकडून दुसऱ्याकडे सरकतो, मूठभर कांदा उलथापालथ करून पाहायचा, पुकारा चढत जातो आणि वर्षभराच्या कष्टाचा भाव बघता बघता ठरून जातो. त्या गलक्यावर चढणारा आवाज लागतो. माझ्या दहा बाय बाराच्या खोलीत तो मावत नव्हता. बाहेर बसलेल्या एका छोट्या पेशंटची आई दार उघडून बघून गेली.

माझा हात आपोआप टेबलावर आपटला. “तीस!”

तात्यांनी माझ्याकडे पाहिलं. नवा, थोडा अडाणी व्यापारी दिसला तर पाहतील तसं. “तीस. बाराशे तीस, तीस...” काकूंनी भीत भीत “चाळीस” म्हटलं, ते त्यांनी घेतलं. मुलाने एकदम शंभरने उडी मारली, तेही घेतलं. फोन चालूच होता. शेजारी विचारत होता, “कोण पुकारतंय रे तिकडं?” पंधराशेला तात्यांनी तळहात टेबलावर आपटला आणि बोटांनी चिठ्ठी लिहायची खूण केली. मी प्रिस्क्रिप्शनच्या कागदावर पंधराशे लिहून दिले. त्यांनी कागद निरखला आणि खिशात घातला. बाजारात खरा कांदा किती गेला ते मुलाने त्यांना त्या दिवशी सांगितलं नाही.

लगेच मी दहाची नोट पुढे धरली. “ही केवढ्याची?” तात्या म्हणाले, “हे... हे...” म्हणजे वाचा परत आली असं काही नव्हतं. पुकारा वर्षानुवर्षांच्या सरावाने घोटलेला, तो त्या सगळ्या पडझडीतूनही वाचला. नोटेची किंमत सांगायची तर शब्द शोधून आणावा लागतो, आणि नेमकी तीच वाट तुटली होती. हे मी काकूंना सांगत होते, तोवर कार्डांचा गठ्ठा तात्यांनी स्वतःच डाव्या हाताने ओढून घेतला. वर चपलेचं चित्र होतं. त्यावर बोट आपटत माझ्याकडे पाहिलं. बोली लावा.

पुढचे काही महिने आम्ही चपला, किल्ल्या, कपबशा विकल्या. सुरात आणि ठेक्यात बोलायला लावायची एक पद्धत 1973 पासून आमच्या क्षेत्रात आहे. साधं वाक्य दोन सुरांत म्हणायचं, प्रत्येक अक्षराला डाव्या हाताने थाप द्यायची. पुस्तकात ती फार सोज्वळ वाटते. आमच्याकडे तिचा पुकारा झाला. “चहा, चहा, चहा दे” हे तात्यांचं पहिलं कामाचं वाक्य. त्याला सात-आठ आठवडे लागले असतील. ‘नको’ त्याआधी आलं. काकूंचं नाव फार उशिरा आलं आणि तेही धड नाही, पण काकूंनी त्याला ओ दिली. काही शब्द अजून येत नाहीत, बहुधा येणारही नाहीत. भिंतीवरचे सुविचार मुलाने काढले नाहीत. तात्यांनी फक्त गरुडाकडे बोट दाखवून “नको” म्हटलं, तेवढा उतरला.

पावसाळ्यात एकदा फी देताना मुलाने विचारलं, “मॅडम, पाचशेच ना?” मी मान हलवली. तात्यांचा डावा पंजा उघडला.

“पाचशे. पाचशे दहा. वीस...”

“तात्या, ओ तात्या,” मुलगा म्हणाला, “आपण द्यायचेत!”

“बोला पुढं,” तात्या मला म्हणाले.